मालिका का सोडली, हे तुम्ही विचारलंत म्हणून

मला कोणी काढलं नाही. पैशावरूनही बिनसलं नाही. मालिकेचे पैसे तीन महिन्यांनी येतात, तसे ते आले. मुंबई मानवली नाही म्हणाल, तर घोडबंदर रोडवरची भाड्याची खोली बरी होती, शेजार चांगला होता, आणि तिथला पाऊस मला नागपूरच्या मे महिन्यापेक्षा केव्हाही परवडला. माझी भाची कॉलेजात सांगत फिरते तसं मी दिग्दर्शकाच्या तोंडावर स्क्रिप्टही फेकलं नाही. करार संपला, पुढचा केला नाही. एवढ्यावर कोणाचं समाधान होत नाही. लग्नात, बँकेत, धरमपेठेत तर्री-पोह्याच्या गाडीवर, सगळीकडे तेच: "एवढं चांगलं काम काऊन सोडलं जी?" म्हणून एकदाचं लिहून ठेवते. यापुढे विचाराल तर हेच वाचायला पाठवीन.

मालिकेत मी करायची ती विदर्भातली काकू तुम्ही पाहिलीच आहे. तिला आडनाव होतं, गाव नव्हतं. एका भागात ती अकोल्याची होती, दिवाळीच्या भागांत नागपूरची झाली, आणि कोणाला काही खटकलं नाही. वऱ्हाड तिकडे अमरावती-अकोल्याचं, भंडारा-गडचिरोलीची झाडीबोली निराळी, आणि नागपुरात आमच्या इतवारीत अर्धी हिंदी घालून बोलतात, हे तुम्हाला सांगायला नको. मी तिथे रोज सांगत होते. एका सहायकानं तर मनापासून सल्ला दिला, मकरंद अनासपुऱ्यांचे सिनेमे पाहा, टोन मिळेल. ते मराठवाड्याचे आहेत, म्हटलं. "तेच ना, तिकडचंच," तो म्हणाला.

हळूहळू मी सांगणं सोडलं. आणि खरं बोलायचं तर मला मजा येऊ लागली. संवादात नसलेलं 'अव माय' मधेच टाकलं की सेटवर हशा, आणि हशा नको असलेली नटी मी तरी पाहिली नाही. इकडे आई रोज रात्री शेजारच्या बायका गोळा करून टीव्हीपुढे बसायची. 'आपलं बोलणं टीव्हीवर आलं' याचा तिला झालेला आनंद खोटा होता, असं मी कधीही म्हणणार नाही. आज जे लोक मला 'तुम्ही आपली टिंगल करून घेतली' म्हणतात, त्यातले निम्मे तेव्हा माझ्यासोबत सेल्फी काढत होते.

एकदा मी सुचवून पाहिलं. काकूचा बाप गिरणी कामगार करा. माझे वडील एम्प्रेस मिलमध्ये होते. जमशेटजी टाटांनी १८७७ साली नागपुरात सुरू केलेली गिरणी, २००२ मध्ये बंद पडली, आणि त्या जागेवर आता मॉल आहे. एवढं आयतं कथानक! उत्तर मिळालं की गिरणी म्हटली की लोकांना परळ-लालबाग आठवतं. विदर्भ म्हटलं की शेत पाहिजे, जमलं तर कर्ज पाहिजे. म्हणजे आमच्यासाठी जागा दोनच: एक हसवणाऱ्याची, दुसरी फास घेणाऱ्याची. मधल्या माणसाला, जो सकाळी डबा घेऊन कामावर जातो आणि संध्याकाळी बर्डीच्या बाजारात चप्पल घ्यायला जातो, त्याला टीआरपी नाही.

आता तो सीन. काकूची आई गावी वारते. फोन येतो तेव्हा काकू स्वयंपाकघरात. तालमीत मी माझी आजी डोळ्यापुढे ठेवली. आमच्याकडे अशी बातमी आली की बाई आधी गॅस बंद करते, पदर सारखा करते, भिंतीला टेकून बसते आणि मग गेलेल्या माणसाशी बोलू लागते. हळू, तक्रार केल्यासारखं. मी म्हटलं, "माय वं, मी येऊनच राहिली होती ना." कागदावर हे नव्हतं. दिग्दर्शक गृहस्थ सभ्य होते, आवाज कधी चढवत नसत. म्हणाले, "छान आहे, पण हे कुणीही करेल. यात काकू दिसत नाही. विदर्भ कुठंय यात?" मग त्यांनी करून दाखवलं. छाती बडवून, 'काऊन'चा ऊ लांबवत, हेल काढून. लाइटवाला मुलगा हसला. "बघा," ते म्हणाले, "लोक हसतील, आणि हसता हसता रडतील."

मी म्हटलं, असं कोणी रडत नाही. ते म्हणाले, "ताई, तुमच्या भाषेतच कॉमेडी आहे, त्याला आपण काय करणार?" यात त्यांना कौतुकच करायचं होतं. म्हणून तर मला बोलता येईना.

संवाद लिहिणारा मुलगा मूळचा वर्ध्याचा. इतके दिवस माझ्याशी तो इतकं शुद्ध बोलायचा की मला कळलंच नव्हतं. मला बाहेर जनरेटरपाशी घेऊन गेला आणि एकदम आपल्यात आला. "ताई, लोकं आपल्याले याच्याचसाठी घेऊन राहिले ना. तुम्ही अन् मी, दोघंही याच्याच भरवशावर जगून राहिलो. नाही कराल तर उद्या एखादी ठाण्याची पोरगी करन, अन् मग ते अजून भयानक होईन." त्याची बहीण शिकत होती, त्याचे पैसे तो धाडायचा. मी त्याच्यावर चिडावं असं तुम्हाला वाटत असेल, तर तुम्ही चिडा. मला तो जनरेटरच्या धुरात उभा राहून घड्याळ पाहणारा पोरगा आठवतो.

मी सीन केला. एका टेकमध्ये. युनिटनं टाळ्या वाजवल्या. आठवड्यात त्याची क्लिप नागपुरात मोबाइलवर फिरू लागली, डोळ्यांतून पाणी काढून हसणारे पिवळे चेहरे लावून. पाठवणारे सगळे आपलेच.

त्या उन्हाळ्यात इतवारीतली माझी मावशी गेली. मला तिनं वाढवलंय. तिला उचलताना माझ्या तोंडून "मावशे वं" निघालं, आणि दाराशी उभ्या असलेल्या एका भाच्याच्या तोंडून आवाज आला. तो हसला की हुंदका होता, मला आजही ठाऊक नाही. विचारलं नाही. पण माझं तोंड मिटलं ते मिटलंच. बाकीच्या बायका रडत होत्या, मी चपला सरकवत होते. करार संपायला तेव्हा थोडे दिवस राहिले होते.

हे ऐकून तुम्ही म्हणाल, बस, हेच कारण. मला तेवढं सोपं वाटत नाही. मुंबईला जाण्याआधी मी गडचिरोलीकडच्या वडश्याच्या एका कंपनीतून झाडीपट्टीच्या, म्हणजे पूर्व विदर्भातल्या नाटकांचे सीझन केले आहेत. दिवाळीनंतर मंडया, म्हणजे गावच्या जत्रा, सुरू झाल्या की गावोगाव, कडाक्याच्या थंडीत, रात्री उशिरा पडदा वर आणि पहाटे खाली. या रंगभूमीला २०२३ मध्ये परशुराम खुणे यांच्या रूपानं पद्मश्री मिळाली तेव्हा मी रडले होते. पण मी केलेल्या त्या नाटकांत नायक-नायिका बोलायचे पुस्तकातलं मराठी आणि झाडीबोली यायची विनोदी नोकराच्या वाट्याला. मीही नायिका असताना जीभ वळवून पुणेरी बोललेय, आणि समोर बसलेल्या झाडीच्या माणसांनी त्याच नोकराला डोक्यावर घेतलंय. तेव्हाच्या मला विचारलं असतं, तर तिनं सांगितलं असतं की नाटक असंच असतं बाप्पा, हसू दे लोकांना. तिला काय उत्तर द्यायचं, मला अजून सुचलेलं नाही. मुंबईनं शोधून काढलेली गोष्ट नाही ही.

मग काय दाखवायचं, असं विचारणारेही आहेत. पडद्यावर मला सगळ्यात ओळखीचं नागपूर भेटलं ते २०२२ च्या 'झुंड'मध्ये. सिनेमा हिंदी, काढणारे नागराज मंजुळे सोलापूर जिल्ह्यातले. त्यातली वस्तीतली पोरं जशी बोलतात तशी बोलली आणि कोणी त्यांना चढवून बोलायला लावलंय असं वाटलं नाही. म्हणजे जमतं. २३ नोव्हेंबर १९९४ ला विधिमंडळाच्या अधिवेशनावर मोर्चा घेऊन आलेले गोवारी समाजाचे ११४ जण इथे नागपुरात चेंगरून मेले, बहुतेक बाया आणि लेकरं. त्यातली एखादी बाई घरून निघताना काय बोलली असेल, तेवढं कोणी लिहा. मी फुकट करीन.

फुकट वगैरे म्हणते खरी, पण घराचा हप्ता आहे. मागच्या आठवड्यात नव्या मालिकेसाठी फोन आला. सासूची भूमिका, विदर्भातली.

"ती करते काय?" मी विचारलं.

"म्हणजे?"

"नोकरी, दुकान, शेती, काही?"

पलीकडे कागद चाळल्याचा आवाज आला. "मॅडम, ती विदर्भातली आहे."

स्क्रिप्ट पाठवा, म्हटलं.