भरती आली की रोहितांनी जायचं कुठे?

सांगलीहून रात्रीची बस, नेरूळला आत्याकडे आंघोळ-नाश्ता आणि तिथून थेट ऐरोली, ठाणे खाडीतले रोहित, म्हणजे फ्लेमिंगो, बघायला. ही 2024 च्या एप्रिलमधली गोष्ट. तिथली होडी भरती-ओहोटीच्या वेळेवर सुटते, आपल्या सोयीने नाही, आणि मला तेच फार आवडलं.

दोन्ही बाजूंना तिवरं, मधे मातकट पाणी आणि पुढे चिखलावर रोहितांची रांगच रांग. नावाडीदादांनी इंजिन बंद केलं, तेव्हा कुठे त्यांचा आवाज कानावर आला. शेकडो जण एकदम पुटपुटत असल्यासारखा. माना पार खाली, चोच उलटी, चिखलपाणी गाळणं अखंड चालू. लहान रोहित (लेसर फ्लेमिंगो ही जात) त्यातलं शेवाळ खातो आणि त्याच खाण्यातून त्याच्या पिसांना तो गुलाबी रंग येतो.

"बघून घ्या ताई," दादा म्हणाले, "पाणी चढलं का यांना उभं राहायला जागा नाय उरत. मग जातात उडून नेरूळच्या तळ्यावर."

त्या एका वाक्यामुळे दुसऱ्या दिवसाचं मुंबई फिरणं मी रद्द केलं. भरतीची वेळ साधून आत्याला घेऊन नेरूळच्या त्या तळ्यावर, डीपीएस तलावावर गेले.

तळ्यात पाणी नव्हतं. चिखल वाळून त्याच्या खपल्या निघाल्या होत्या. एका खपलीत तीन बोटांचा, मधे पडदा असलेला पाऊलठसा पक्का वाळून बसला होता. बाजूला एक फिकट गुलाबी पीस. खाडीचं पाणी आत यायची वाटच बुजली होती. पलीकडे खाडी काठोकाठ भरलेली आणि अलीकडे कोरडी जमीन. तेवढ्यात वीस-पंचवीस रोहित आले. माना लांब ताणून त्यांनी तळ्यावर एक घेरा घेतला, मग दुसरा. खाली कुणीच उतरलं नाही. आत्या पदर तोंडाला लावून बघत राहिली. "दरवर्षी माझ्या गॅलरीतून दिसायचे गं," एवढंच म्हणाली.

मला राग आला तो इथे. 2015 साली ठाणे खाडीत रोहितांसाठी अभयारण्य झालं, 2022 मध्ये खाडी जागतिक महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या रामसर यादीत गेली, आपण सगळ्यांनी कौतुकाने फोटो टाकले. पण जेवायची जागा राखायची आणि विसाव्याची बुजू द्यायची, याला राखणं कसं म्हणायचं? पाखरांना अभयारण्याची हद्द कुठे ठाऊक असते! त्यांना ओहोटीला चिखल लागतो आणि भरतीला उथळ पाण्याचं तळं. दोन्ही लागतं, रोज लागतं.

घरी येऊन आत्याने साबुदाण्याची खिचडी केली होती. मला ती घशाखाली उतरेना.

पुढे 2025 मध्ये राज्य वन्यजीव मंडळाने हे तळं संवर्धन राखीव, म्हणजे कायद्याने जपायची जागा, करायला मान्यता दिल्याची बातमी वाचली आणि आधी आत्याला फोन लावला. ती आनंदाने बोलतच सुटली. मी मधेच विचारलं, "आत्या, पाणी आत येतंय का?"

"थांब," ती म्हणाली, "उद्या भरतीच्या वेळी जाऊन बघते."