वेल माझी, हक्क मांजरांचा

जून संपत आला की जपानमधल्या मोरिओकाच्या आसपासच्या डोंगरांवर हिरव्यागार झाडीत मध्येच पांढरं काहीतरी चमकायला लागतं. लांबून वाटतं, फुलं. जवळ गेलं की कळतं, ही तर पानं! वेलीचं नाव माताताबी, किवीच्याच कुळातली. हिची खरी फुलं पानांखाली दडलेली असतात, त्यामुळे कीटकांना बोलावण्याचं काम शेंड्याकडच्या पानांवर येतं. फुलोऱ्यात पान वरून चुना फासल्यासारखं पांढरं होतं आणि उलटून बघावं तर खालून हिरवंच. बहर ओसरला की पुन्हा सगळी हिरवी.

आमच्या मागच्या कुंपणावर ही वेल चढवली आहे. चढायला भक्कम आधार, मुळांशी ओल आणि थोडी सावली एवढं मिळालं की ती मजेत वाढते. जाड फांद्यांची छाटणी मात्र थंडीतच उरकावी, वसंतात कापलं तर रस गळत राहतो. फळं हवी असतील तर जोडीला नर झाड लागतं. पण खरी काळजी रोप लहान असतानाची. भोवती कोंबड्यांच्या खुराड्याला लावतात तसली जाळी नसेल तर मांजरं कोवळे शेंडे चावून, बुंध्यावर लोळून रोपाची पार वाट लावतात.

शेजारच्या आजींचा बोका एरवी माझ्याकडे ढुंकूनही बघत नाही. मी कात्री हातात घेतली की स्वारी कुंपणावर हजर. खाली पडलेल्या पानाला आधी नाक, मग गाल, मग अख्खं डोकं घासतो. मग पाठीवर लोळण, तोंडातून लाळ, चारी पाय हवेत. थोड्या वेळाने उठतो, अंग झटकतो आणि काही घडलंच नाही अशा थाटात चालायला लागतो.

ही नुसती नशा नाही, हे इथल्याच इवाते विद्यापीठातल्या संशोधकांनी दाखवून दिलं. २०२१ साली त्यांचा शोधनिबंध आला. वेलीतलं नेपेटालॅक्टॉल नावाचं द्रव्य मांजराच्या मेंदूतली सुखाची यंत्रणा जागी करतं आणि घासताना तेच केसांना लागल्यामुळे अंगावर डास कमी बसतात. प्राणिसंग्रहालयातले बिबटे आणि जॅग्वारसुद्धा याला भुलले. पुढे असंही दिसलं की पान चुरगळलं, चावलं की अशी द्रव्यं कितीतरी जास्त बाहेर पडतात. म्हणजे बोका माझ्या वेलीची नासधूस करत नसतो, ओडोमॉस काढत असतो! (सगळीच मांजरं भुलतात असं नाही. काही आपल्या पेठांतल्या दुकानदारांइतकी निर्विकार असतात.)

फोटो पाहून कर्वेनगरच्या मावशीचा लगेच फोन. "अगं, येताना बॅगेत दोन फांद्या टाक की. गच्चीवर लावते."

मावशी, नाही जमणार. एक तर परदेशातून रोप किंवा फांदी आणायची तर आयात परवाना आणि तिथल्या सरकारचं रोग-कीड नसल्याचं प्रमाणपत्र लागतं. २००३ च्या प्लांट क्वारंटाइन आदेशात तसं स्पष्ट आहे, आणि चोरून आणलेल्या फांदीबरोबर कुठली कीड येईल याचा नेम नाही. दुसरं म्हणजे आपली थंडी. पारा दहाच्या खाली गेला की 'पुणे गारठले' अशी बातमी येते, इथे ही वेल पानं गाळून बर्फात उभी असते. ती झोप मिळाल्याशिवाय तिला धड बहर येत नाही. तुझ्या गच्चीवर एप्रिलच्या उन्हात तिचे नुसते हाल होतील.

मांजरंच हवी असतील तर मात्र इतक्या लांब यायची गरज नाही. पावसाळ्यात सोसायटीच्या भिंतीलगत खोकली उगवते, तीच, कातरलेल्या काठाच्या हिरव्या वाट्यांसारखी फुलं येणारी. तिच्या पानांकडे मांजरं फारशी बघत नाहीत, पण मुळासकट उपटून, माती झटकून मूळ टाकलं की पार्किंगमधली मांजरं त्याच्यावर अशीच लोळतात.

मावशीने वॉचमनला बजावून ठेवलंय, यंदा भिंतीकडचं गवत काढायचं नाही म्हणून. सोसायटीच्या सेक्रेटरींना अजून काही सांगितलेलं नाही.