डोळा काढायचा म्हणजे नेमकं काय काढायचं?

तुम्ही विचारलंत म्हणून लिहितो. प्रश्न बहुतेक वेळा असा येतो: ‘डॉक्टर म्हणतात डोळा काढावा लागेल. एकांनी इव्हिसरेशन सांगितलं, दुसऱ्यांनी इन्यूक्लिएशन. जे कमी काढतात तेच करून घ्यावं ना?’

नाही. किती काढायचं हे डोळ्यात काय आहे त्यावर ठरतं, आणि चुकीच्या डोळ्यात ‘कमी’ काढणं जिवावर बेतू शकतं.

इव्हिसरेशनमध्ये डोळ्याच्या आतलं सगळं काढतात आणि बाहेरचं पांढरं कवच, म्हणजे स्क्लेरा, जागेवर ठेवतात. करवंटी शाबूत ठेवून आतलं खोबरं खरवडून काढावं, तसं. डोळा हलवणारे स्नायू त्या कवचाला चिकटलेलेच राहतात. इन्यूक्लिएशनमध्ये अख्खा गोळा काढतात. स्नायू सोडवून घेतात आणि मागची नस कापतात. पापण्या, स्नायू, खोबणीतली चरबी मागे राहते. एक्झेंटरेशनमध्ये तेही राहत नाही. हाडावरच्या आवरणासकट खोबणीतलं सगळं जातं, कधी पापण्यांसकट.

पहिल्या दोन शस्त्रक्रियांपैकी निवड करायची असेल तेव्हा डॉक्टरांना एकच प्रश्न आवर्जून विचारा: ‘आत गाठ नाही हे कशावरून?’ मोतीबिंदू पांढरा पडलाय, बुबुळावर फूल पडलंय, आत रक्त साचलंय अशा डोळ्यात मागचा पडदा (रेटिना) दिसतच नाही. तिथे बी-स्कॅन सोनोग्राफी झालीच पाहिजे. गाठ असलेल्या डोळ्याचं इव्हिसरेशन झालं तर कर्करोगाच्या पेशी खोबणीत सांडतात, आणि डोळ्यापुरता असलेला आजार डोळ्याबाहेर जातो. अनेक वर्षं न दिसणारा, अलीकडे दुखायला लागलेला आणि ज्याचा पूर्वेतिहास नीट माहीत नाही असा डोळा समोर आला, तर मी संशयाच्या बाजूने झुकेन. आणि काहीही काढलं, तरी ते पॅथॉलॉजीला गेलंच पाहिजे. इव्हिसरेशनमधला खरवडलेला भागसुद्धा. ‘त्यात काय तपासायचं’ असं म्हणून तो टाकून देऊ नये.

गाठ नाही हे ठरलं की इव्हिसरेशनचं पारडं जड होतं. शेतात काम करताना उसाचं पान किंवा काडी लागते, बुबुळावर बुरशीची जखम होते, ती फुटते आणि पू आत पसरतो. असा डोळा वाचण्यापलीकडे गेला की इव्हिसरेशनच बरं. दृष्टीच्या नसेभोवती मेंदूच्या आवरणांचीच म्यान असते. पुवाने भरलेल्या डोळ्यामागे ती कापली तर संसर्गाला आत वाट मिळते. इव्हिसरेशनमध्ये नसेला हात लागत नाही.

शस्त्रक्रिया अशी चालते. बुबुळाच्या कडेने वरचा पातळ पडदा (कंजंक्टिव्हा) गोल कापतात, समोरची पारदर्शक काच, म्हणजे कॉर्निया, काढतात आणि इव्हिसरेशनच्या चमच्याने आतला ऐवज कवचापासून अलगद सोडवतात. तपकिरी रंगाचा एकही कण आत राहू द्यायचा नसतो. म्हणून शुद्ध अल्कोहोलमध्ये भिजवलेल्या बोळ्याने कवच आतून पुसतात आणि सलाइनने भरपूर धुतात. ते अल्कोहोल बाहेरच्या पडद्याला लागलं तर सूज आणि व्रण पक्के. पुढचा टप्पा घाईचा नाही: कवचाला मागच्या बाजूने छेद देऊन त्याच्या पाकळ्या सैल करायच्या, म्हणजे आतली रिकामी जागा भरणारा मोठा कृत्रिम गोळा (इम्प्लांट) बसतो आणि पुढचे टाके ताणाशिवाय येतात. हा छेद न देता गोळा दाबून बसवला, की काही आठवड्यांनी टाके उसवतात आणि गोळा डोकावू लागतो. डोळा पुवाने भरलेला असेल तर काही जण गोळा लगेच बसवत नाहीत, संसर्ग आटोक्यात आल्यावर दुसऱ्या टप्प्यात बसवतात. हेही योग्यच आहे, दिरंगाई नव्हे.

लोकांना आणखी एक धास्ती असते: एका डोळ्याला इजा झाली तर दुसराही जातो का? सिम्पथेटिक ऑफ्थॅल्मिया नावाचा असा आजार आहे. जखमी डोळ्यातला रंगद्रव्याचा थर उघडा पडला की शरीराची प्रतिकारशक्ती दोन्ही डोळ्यांवर उलटते. लुई ब्रेल यांना तिसऱ्या वर्षी वडिलांच्या चर्मकामाच्या आरीने एका डोळ्याला इजा झाली आणि पाचव्या वर्षापर्यंत दोन्ही डोळे गेले. त्याचं कारण बहुधा हेच. आज हा आजार फार दुर्मीळ आहे आणि स्टिरॉइडने बराच आटोक्यात येतो. फाटलेला, उजेडही न कळणारा डोळा दोन आठवड्यांच्या आत काढावा हा जुना नियम याच भीतीतून आला. नुसत्या भीतीपोटी थोडीफार दृष्टी असलेला डोळा काढायला मात्र कोणी सांगत असेल, तर दुसरं मत घ्या.

डोळा काढावाच लागला तर इन्यूक्लिएशनला पर्याय नसतो ते गाठीत. लहान मुलांमधल्या रेटिनोब्लास्टोमात, म्हणजे मागच्या पडद्याच्या कर्करोगात (फोटोत बाहुली पांढरी चमकते, आईच्या लक्षात सहसा आधी येतं) गाठीने डोळा भरला असेल तर गोळा न फुटता, अखंड बाहेर यावा लागतो. त्याआधी खोबणीचा आणि मेंदूचा एमआरआय. टेबलावर भूल दिल्यावर, कापण्याआधी, बाहुली मोठी करून तोच डोळा आहे ना हे पुन्हा बघतात, कारण बाहेरून दोन्ही डोळे सारखेच दिसू शकतात. कपाळावर पेनाने केलेली खूण पुसली गेली तर ती पुन्हा करून घ्यायची, अंदाजाने पुढे जायचं नाही.

यात चार सरळ स्नायू एकेक करून आकड्यावर घेतात, 6-0 व्हिक्रिलच्या धाग्यात बांधतात आणि मग कापतात. नाकाकडचा स्नायू कापताना त्याचा छोटा खुंट गोळ्यावर ठेवतात. पुढे त्याच खुंटाला धरून डोळा हळूच पुढे ओढता येतो. स्नायू ओढताना हृदयाचे ठोके एकदम मंदावू शकतात, म्हणून भूलतज्ज्ञाला आधी सांगायचं. ठोके पडले की पहिला उपाय हात थांबवणं, मग गरज लागली तर ठोके वाढवणारं अ‍ॅट्रोपिन. नंतर वाकडी कात्री मागे सरकवून नस कापायची. रेटिनोब्लास्टोमात गोळ्यासोबत नसेचा निदान 10, जमल्यास 15 मिलिमीटर तुकडा यायला हवा, कारण गाठ नसेतूनच मेंदूकडे चालत जाते. गोळ्याला चिकटून कात्री चालवली तर नस आखूड येते, शिवाय गोळ्याला भोक पडायची भीती. नस कापली की रक्त भसकन येतं. पट्टी भरून घड्याळ लावून पाच ते दहा मिनिटं दाबून धरायचं. मध्येच उचलून बघण्याचा मोह टाळायचा.

मुलाच्या पॅथॉलॉजी अहवालात तीन गोष्टी बघा: नसेचं कापलेलं टोक स्वच्छ आहे का, गाठ नसेच्या चाळणीपलीकडे (नस डोळ्यातून बाहेर पडते तिथला जाळीदार भाग) गेली आहे का, आणि कोरॉइडच्या, म्हणजे पडद्यामागच्या रक्तवाहिन्यांच्या, थरात ती 3 मिलिमीटर किंवा जास्त शिरली आहे का. केमोथेरपी लागेल की नाही हे यावर ठरतं. डोळा काढला म्हणजे संपलं असं समजून अहवाल न घेताच गावी परतलेलं कुटुंब हा या उपचारातला सगळ्यात मोठा धोका आहे.

आता दिसण्याचं गणित. मोठ्या माणसाचा डोळा साधारण 7 मिलिलिटर जागा व्यापतो. त्याच्या जागी आत बसवलेला 18 मिलिमीटर व्यासाचा कृत्रिम गोळा जेमतेम 3 मिलिलिटर भरतो, 20 चा 4.2 आणि 22 चा 5.6. उरलेली जागा वरच्या कृत्रिम डोळ्याने भरायची, आणि तो साधारण 2 मिलिलिटरचाच बरा. गोळा लहान पडला तर वरच्या पापणीखाली खळगा दिसतो. तो भरायला जाड कृत्रिम डोळा केला तर त्याच्या वजनाने खालची पापणी ओघळते. लहान मुलांत गोळा न बसवणं जास्त महागात पडतं: आत काही नसेल तर हाडाची खोबण नीट वाढत नाही आणि चेहऱ्याची ती बाजू मागे राहते.

गोळा कोणता, यावर नातेवाईक फार अडकतात. साधा पीएमएमए (प्लॅस्टिकचा) गोळा स्वस्त असतो. सच्छिद्र पॉलिथिलीन किंवा हायड्रॉक्सिअपेटाइटचा कितीतरी महाग, त्यात रक्तवाहिन्या शिरतात, पण खरखरीत असल्याने वरचा पडदा घासून तो उघडा पडण्याची शक्यताही असते. स्नायू नीट जोडले असतील तर हालचालीत फार फरक पडत नाही. पैसे मोजकेच असतील तर ते महागड्या गोळ्यापेक्षा मापाने बनवलेल्या कृत्रिम डोळ्यावर घालावेत, असं माझं स्पष्ट मत. इव्हिसरेशननंतर हालचाल थोडी बरी असते, कारण स्नायू मुळात सुटलेलेच नसतात.

एक्झेंटरेशनची वेळ डोळ्याबाहेरच्या आजारात येते: पापणीचा किंवा वरच्या पडद्याचा कर्करोग खोबणीत शिरला, किंवा म्युकर, म्हणजे काळी बुरशी. 2021 च्या कोविड लाटेने म्युकरचं नाव महाराष्ट्रात घरोघरी पोहोचवलं. त्यात सगळ्यांचा डोळा काढावा लागतो असं नाही. सायनस साफ करणं, बुरशी मारणारं अ‍ॅम्फोटेरिसिन आणि साखर ताब्यात आणणं हे आधी. निवडक रुग्णांत अ‍ॅम्फोटेरिसिन डोळ्यामागे टोचूनही देतात. बुरशी मेंदूत पोहोचली असेल तर खोबण रिकामी करून जीव वाचेलच, असं कुणी छातीठोक सांगू नये. नंतर हाडावर मांडीची पातळ त्वचा लावतात किंवा जखम आपोआप भरू देतात. दुसऱ्या पद्धतीत काही महिने पट्ट्या. इथे नेहमीचा कृत्रिम डोळा बसत नाही. पापण्यांसकट सिलिकॉनचा मुखवटा करतात, चष्म्याला जोडून किंवा हाडातल्या स्क्रूवर चुंबकाने.

पहिल्या दोन शस्त्रक्रियांनंतर पापण्यांमागे पारदर्शक वाटी ठेवतात, तिला कॉन्फॉर्मर म्हणतात. ती निसटली तर उकळून गार केलेल्या पाण्याने धुऊन त्याच दिवशी परत बसवा, जमत नसेल तर दवाखान्यात या. आठवडाभर तशीच बाहेर राहिली तर पडदे आक्रसतात आणि मग कृत्रिम डोळ्याला जागाच उरत नाही. सहा ते आठ आठवड्यांनी माप घेतात. शासकीय योजनेत शस्त्रक्रिया बसली तरी कृत्रिम डोळा बसेलच असं नाही. दोन्ही आधीच वेगवेगळे विचारून ठेवा. ‘काचेचा डोळा’ म्हणायची सवय राहिली आहे, पण दुसऱ्या महायुद्धात जर्मनीची काच मिळेनाशी झाल्यावर अ‍ॅक्रिलिक आलं आणि तेच टिकलं. तो रोज काढू नका. वारंवार हात लागला की स्राव वाढतो. महिन्यातून एकदा सौम्य साबणाने धुवायचा, स्पिरिट किंवा डेटॉल लावायचं नाही, वर्षातून एकदा पॉलिश करून घ्यायचा. मुलांचा वाढीप्रमाणे बदलावा लागतो. काहींना नसलेल्या डोळ्यात प्रकाश किंवा आकार दिसतात, कधी दुखतंही; हे वेड नव्हे, डॉक्टरांना सांगा. आणि उरलेल्या डोळ्याला नंबर असो वा नसो, पॉलिकार्बोनेटचा चष्मा घराबाहेर पडताना कायम.