एका रकान्यासाठी अकरा दिवस

आधुनिक युद्धावरची माझी सहा मिनिटांची प्रायोगिक ॲनिमेशन फिल्म नागपुरात लोकांसमोर दाखवायची होती. चित्रांना दीड वर्ष लागले, 'ए' प्रमाणपत्र विनासायास मिळाले. अडले ते सभागृहाच्या आरक्षण कार्यालयात.

तेथील अर्जात 'कार्यक्रमाचा प्रकार' असा रकाना आहे. मी 'चित्रपट' लिहिले होते, परंतु खिडकीवरच्या कर्मचाऱ्याने 'ॲनिमेशन' हा शब्द वाचताच ते खोडून 'बालकार्यक्रम' केले आणि म्हटले, "ताई, कार्टून तं लहान पोरायचंच रायते न?" मग सकाळची वेळ मिळाली, शाळेचे पत्र मागितले गेले, आणि ते नसल्याने फाईल थांबली. मे महिन्याच्या उन्हात मी सीताबर्डीहून चार खेपा घातल्या. टेबल दर वेळी निराळे, उत्तर तेच. 'ए' म्हणजे केवळ प्रौढांसाठी, हे सांगणारे प्रमाणपत्र अर्जाला जोडलेले असूनही कोणी वाचले नाही, याचा राग अजून गेलेला नाही.

ड्रोनच्या उष्णता टिपणाऱ्या कॅमेऱ्यात माणूस ठिपक्याएवढा दिसतो आणि कित्येकदा हजारो किलोमीटर दूर बसलेला चालक त्या ठिपक्यावर मारा करतो. ती माणसे मी एकाच कागदावर कोळशाने काढत, पुसत, पुन्हा काढत चित्रित केली, कारण कोळसा कितीही पुसला तरी डाग उरतो, आणि पडद्यावरून नाहीशी झालेली माणसे मला त्या डागांतच दाखवायची होती. अशा कामाला 'बालकार्यक्रम' म्हणणे मला सोसवले नाही.

शेवटी मी स्वतंत्र अर्ज लिहिला. कॅनडात काम केलेले ॲनिमेशनकार नॉर्मन मॅकलॅरेन यांच्या 1952 च्या 'नेबर्स' या लघुपटात एका फुलावरून दोन शेजारी एकमेकांचा जीव घेतात, नट एकेका फ्रेमने हलवून ते चित्रित केले आहे, आणि त्याला ऑस्कर मिळाले ते लघुमाहितीपटाच्या विभागात, हे त्यात नमूद केले. प्रमाणपत्राचा क्रमांक पहिल्याच ओळीत घातला आणि आवक क्रमांकासह पोच घेतली. दोन दिवसांत वरिष्ठांनी लॅपटॉपवर फिल्म पाहिली, रकाना दुरुस्त केला व सायंकाळची वेळ दिली. हा अर्ज पहिल्याच दिवशी द्यावा. आणि दुसऱ्याने खाडाखोड केलेल्या अर्जावर सही करू नये, कोरा अर्ज मागावा; माझी तीच चूक अकरा दिवसांना पडली.

प्रयोगाच्या दिवशी बाहेरच्या फलकावर मात्र 'बालकार्यक्रम' तसेच राहिले होते, आणि मुलांना घेऊन आलेल्या दोन कुटुंबांना मला दारातूनच क्षमा मागून परत पाठवावे लागले. तो फलक सकाळीच जाऊन वाचून घ्यावा.