पोथी कुणी सांगितली त्याला?

मागच्या अधिक महिन्यात गावी होतो, सेलूच्या पुढं आमचं गाव, लाईट गेलेली आणि आबा ओट्यावर कंदील ठेवून पांडवप्रताप, म्हणजे महाभारताची पोथी, वाचायले होते. वाचायले म्हणजे काय, अर्धं पाठच हाय त्यांना. एक ओवी म्हणायची, चष्मा कपाळावर सरकवायचा आणि मग आपल्या बोलीत अर्थ लावून सांगायचा. समोरच्यानं हूं हूं करत राहायचं, हुंकार थांबला की आबा पण थांबतात, "झोपलास का रं?"

तर तिथं हूं हूं करता करता मला ज्याँ-क्लोद कारिएर आठवला. हसू नका, सांगतो.

हा फ्रेंच पटकथाकार. जन्म १९३१चा, दक्षिण फ्रान्समधल्या छोट्या गावात, घरची द्राक्षाची शेती. पुढं लुईस बुन्युएल ह्या स्पॅनिश दिग्दर्शकाला पहिल्यांदा भेटला तेव्हा त्या म्हाताऱ्यानं पहिलाच प्रश्न टाकला, वाईन पितोस का, हा म्हणला नुसती पीत नाही, आमच्या घरी बनवतात. जमलं! १९६४ पासून १९७७ पर्यंत दोघांनी सहा पिक्चर केले, त्यातल्या एकात तर सगळी बडी मंडळी जेवायला जमतात आणि शेवटपर्यंत घास काही पोटात जात नाही, मला तो जाम आवडतो.

पण खरी मजा त्यांच्या कामाच्या पद्धतीत हाय. दोघं कुठल्यातरी आडबाजूच्या हॉटेलात जाऊन राहायचे, सकाळी एकमेकाला रात्रीची स्वप्नं सांगायची, संध्याकाळी अर्धा तास बुन्युएल बारमध्ये आणि हा आपल्या खोलीत, दोघांनी एकेक गोष्ट रचायची आणि मग भेटून ऐकवायची. रोज. कल्पनाशक्तीला पण तालीम लागते, कारिएर म्हणायचा, पैलवानाच्या दंडासारखी. म्हणजे लिहिणं नंतर, आधी सांगणं. समोर हुंकार देणारा पाहिजेच.

त्यानं लिहिलेल्या महाभारताच्या नाटकाचं पण तसंच झालं. १९७५च्या सुमाराला पीटर ब्रुक हा इंग्रज नाट्यदिग्दर्शक आणि ह्याला फिलिप लाव्हास्तीन नावाच्या संस्कृत पंडितानं ही गोष्ट तोंडी सांगितली, बैठकीमागून बैठक. मग दहाएक वर्षं हे दोघं त्याच्यातच, भारतात फेऱ्या काय, वाचन काय. १९८५ला फ्रान्समधल्या आव्हिन्याँच्या नाट्यमहोत्सवात नाटक आलं, नऊ तासांचं, आणि ते पण थेटरात नाही, दगडाच्या खदानीत! काही प्रयोग रात्रभर चालून उजाडताना संपायचे, आपल्याकडं गोंधळ-जागरणाला बसतो तसंच की. सुरुवातच अशी हाय की व्यास एका पोराला विचारतो तुला लिहिता येतं का, पोरगं नाही म्हणतं. मग लिहायला गणपती येतो, पण पोरगं ऐकायला तिथंच बसलेलं.

आपल्याकडं टीका पण झाली, गोष्ट मातीतून उपटून नेली म्हणून. थोडी पटते मला, गीता तर काही मिनिटांतच उरकलीय. पण द्रौपदीला, म्हणजे मल्लिका साराभाईला, बघून माझी तक्रार अर्धी झाली.

बाकी शॉर्टफिल्मचं ऑस्कर, २०१४चं मानद ऑस्कर, २०१५ची पद्मश्री, सगळं मिळालं त्याला. २०२१ला पॅरिसमध्ये गेला. तरी पोस्टरवर मोठं नाव कायम दुसऱ्याचंच, आणि पटकथा शूटिंग संपलं की कचऱ्यात जाते हे तो स्वतःच सांगायचा, तेही कुरकुर न करता, हे मला जमलं नसतं.

दुसऱ्या दिवशी लाईट आली तर आबांना मोबाईलवर त्याच नाटकाचा १९८९चा पिक्चर लावून दिला. सेनेगलचा काळा धिप्पाड भीम बघून म्हणले, "ह्यो शोभतो." मग बराच वेळ गप्प. मग, "ह्या लिहिणाऱ्याला पोथी कुणी सांगितली?"

लाव्हास्तीनचं सांगितलं. तोंडी सांगितली का म्हणले, हो म्हणलं. मान हलवली, मोबाईल डोळ्याजवळ घेतला.

"कर्णाचं चाक रुतायचं कुठं हाय? तेवढं काढून दे."