तेरा महिन्यांत निकाली निघालेला सीमादावा आणि वकील जेम्स विल्सन

सीमाप्रश्नाचं बोलणं निघालं की बेळगाव, खानापूर, निपाणीत आपल्या घटनेचं कलम १३१ चहाच्या टपरीवरही निघतं. महाराष्ट्राने २००४ साली सर्वोच्च न्यायालयात दावा घातला तो याच कलमाखाली. दोन राज्यांचं भांडण थेट सर्वोच्च न्यायालयात नेण्याची ही वाट अमेरिकेच्या घटनेत आपल्या कितीतरी आधी आली. ती घालणाऱ्यांत असा एक वकील होता, ज्याने त्याआधीची पद्धत स्वतः कोर्टात उभं राहून वापरली होती.

जेम्स विल्सन मूळचा स्कॉटलंडचा, जन्म १७४२. १७६५ मध्ये अमेरिकेत आला, फिलाडेल्फियाला जॉन डिकिन्सन या वकिलाच्या हाताखाली कायदा शिकला आणि १७६७ मध्ये वकील झाला. रेडिंग आणि कार्लाइल या गावांत जमिनीचे दावे चालवून त्याने नाव कमावलं. १७७६ च्या स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्यावर त्याची सही आहे, ते सगळेच सांगतात. सीमाभागातल्या वाचकाने बघावं ते १७८२ चं प्रकरण.

सस्क्वेहाना नदीकाठच्या वायोमिंग खोऱ्यावर कनेक्टिकट आणि पेनसिल्व्हेनिया या दोन्ही राज्यांचा हक्क. कनेक्टिकटची सनद १६६२ ची, पश्चिमेला थेट समुद्रापर्यंत. पेनसिल्व्हेनियाची १६८१ ची. गंमत म्हणजे दोन्ही दुसऱ्या चार्ल्स राजानेच दिलेल्या. १७६९ पासून तिथे हाणामाऱ्या सुरू होत्या. कनेक्टिकटने खोऱ्याला ‘वेस्टमोरलँड’ नाव देऊन तिथले प्रतिनिधी आपल्या विधिमंडळात बसवले. एकाच शिवाराचे कागद दोन सरकारं देत होती.

तेव्हा सर्वोच्च न्यायालय नव्हतं. राज्यांना बांधणाऱ्या, घटनेआधीच्या संघराज्याच्या करारातल्या नवव्या कलमात सीमादाव्याची रीत होती. एका राज्याने काँग्रेसकडे, म्हणजे सगळ्या राज्यांच्या प्रतिनिधींच्या सभेकडे, अर्ज करायचा, दुसऱ्याला नोटीस जायची, मग दोघांच्या प्रतिनिधींनी संमतीने न्यायाधीश ठरवायचे. जमलं नाही तर काँग्रेसने प्रत्येक राज्यातली ३ नावं काढायची, म्हणजे १३ राज्यांची ३९. अर्जदाराने पहिलं नाव खोडायचं, मग समोरच्याने, असं आळीपाळीने १३ उरेपर्यंत. त्यातून ७ ते ९ नावं चिठ्ठ्या टाकून काढायची आणि त्यातल्या ५ जणांनी दावा ऐकायचा. कुणी आलंच नाही तर त्याच्या वाटची नावं काँग्रेसच्या सचिवाने खोडायची. तारखेला गैरहजर राहून दावा लोंबकळत ठेवायची सोयच नव्हती!

पेनसिल्व्हेनियाने नोव्हेंबर १७८१ मध्ये अर्ज केला. न्यायाधीश संमतीनेच ठरले, खोडाखोडीची वेळ आली नाही. १२ नोव्हेंबर १७८२ ला न्यू जर्सीतल्या ट्रेंटनला कोर्ट बसलं. विल्सन पेनसिल्व्हेनियाच्या वकिलांत, समोर कनेक्टिकटचे वकील डायर, जॉन्सन आणि रूट. ३० डिसेंबरला पाचही जणांनी एकमताने पेनसिल्व्हेनियाच्या बाजूने कौल दिला. अख्खा निकाल दोन वाक्यांचा, कारणं काहीच नाहीत.

गाडी अडली ती पुढे. राज्य कुणाचं ते ठरलं. कसणाऱ्याच्या नावावर जमीन राहणार का, ते नाही. १७८४ मध्ये पेनसिल्व्हेनियाच्या शिपायांनी कनेक्टिकटकडच्या लोकांना घरांतून हुसकलं. १७८७ चा हक्क कायम करणारा कायदा १७९० मध्ये रद्द झाला, आणि १७९९ मध्ये तडजोड म्हणून १७ वसाहतींतल्या जमिनीची चार गटांत प्रतवारी करून एकरी दर ठरवावे लागले. सीमाप्रश्नावरच्या १९६७ च्या महाजन आयोगाच्या अहवालापासून आपल्याकडे वाद रंगतो तो कुठलं गाव कुठे यावर. उताऱ्याचं, नोंदींचं काय होणार हे फारसं कुणी विचारत नाही, आणि मला तीच मोठी चूक वाटते.

१७८७ च्या घटना परिषदेत विल्सन १६८ वेळा बोलायला उठला. घटनेचा ६ ऑगस्टचा मसुदा करणाऱ्या पाच जणांत तो होता. त्या मसुद्यात खोडाखोडीची जुनी रीत सिनेट या वरच्या सभागृहाकडे सोपवली होती. २४ ऑगस्टला रटलेज या प्रतिनिधीने ती गाळायची सूचना मांडली. अनुमोदन दिलं जॉन्सनने, ट्रेंटनला हरलेल्या बाजूचा वकील तोच! न्यायालयाची सोय जास्त चांगली, असं म्हणत विल्सननेही पाठिंबा दिला. जिंकलेला आणि हरलेला, दोघांनाही ती रीत नको होती.

१७८९ मध्ये विल्सन सर्वोच्च न्यायालयाचा न्यायाधीश झाला. १७९३ च्या चिझम खटल्यात, परराज्यातला नागरिक राज्यावर दावा लावू शकतो, असा कौल देणाऱ्या न्यायाधीशांत तो होता. राज्यं भडकली आणि १७९५ मध्ये असे दावे बंद करणारी अकरावी घटनादुरुस्ती आली. पुढे उधारीवर घेतलेल्या जमिनी अंगाशी आल्या, कर्जापायी न्यायाधीश असतानाच तुरुंग बघितला, आणि १७९८ मध्ये नॉर्थ कॅरोलिनातल्या ईडन्टनला तो वारला.

राज्य विरुद्ध राज्य दाव्याला ती दुरुस्ती लागू नाही. न्यूयॉर्क बंदरातल्या एलिस बेटासाठी न्यू जर्सीने न्यूयॉर्कवर १९९३ मध्ये दावा लावला. न्यायालयाने पुरावा घ्यायला एक अधिकारी नेमला आणि १९९८ मध्ये निकाल दिला. आपल्या दाव्यातही २०१४ साली साक्षीपुरावा नोंदवायला कोर्ट कमिशनर नेमला गेला. पण एलिस बेटाचा वाद त्या दोन राज्यांच्या १८३४ च्या कराराचा अर्थ लावण्याचा होता. इथे आडवं येतं ते आपल्या घटनेचं कलम ३. त्याखाली सीमा बदलायचा अधिकार संसदेचा, राज्यांना फक्त मत विचारायचं. अमेरिकेत मात्र राज्याचा तुकडा तोडून नवं राज्य करायलाही त्या राज्याच्या विधिमंडळाची संमती लागते. कर्नाटकाचा आक्षेप नेमका या कलम ३ वर उभा आहे, आणि त्यावर ट्रेंटनच्या दोन वाक्यांत काहीच सापडत नाही.