अनोळखी डीएलएल फाइल: ठेवायची की काढायची?

तुम्ही विचारलंत म्हणून सांगतो. इंदूरच्या सिल्व्हर मॉलमध्ये मशीन दुरुस्तीला आणणारे हमखास विचारतात: फोल्डरमध्ये अनोळखी डीएलएल फाइल दिसतेय, उडवून टाकू का? डीएलएल म्हणजे विंडोजमधले प्रोग्रॅम चालताना वापरतात तो कोड असलेली फाइल. फाइलच्या नावावरून काहीही ठरवू नका. नाव कुणालाही, कसंही देता येतं. फाइल आहे कुठे, सही कुणाची आणि तिला वापरतं कोण, हे पाहा.

आधी जागा. ६४ बिटच्या विंडोजमध्ये त्याच्या स्वतःच्या ६४ बिट फाइली सिस्टम३२ फोल्डरमध्ये असतात, तर ३२ बिट फाइली सिसवाऊ६४ मध्ये. उलटं वाटतं, पण तसंच आहे. म्हणून दोन्हीकडे एकाच नावाची फाइल दिसली तर ती जादा प्रत नव्हे. सिसवाऊ६४ मधली काढलीत की जुने ३२ बिट प्रोग्रॅम बंद पडतील. खरी शंका घ्यायची ती व्हर्जन डॉट डीएलएल किंवा विनएमएम डॉट डीएलएल एखाद्या प्रोग्रॅमच्या शेजारी, त्याच्याच फोल्डरमध्ये बसलेली दिसली तर. या नावाच्या मूळ फाइली विंडोजच्या आहेत, पण प्रोग्रॅम अशी फाइल सिस्टम३२ च्या आधी स्वतःच्या फोल्डरमध्ये शोधतो. त्यामुळे तिथे ठेवलेली नकली फाइल आधी उचलली जाते. क्रॅक केलेल्या सॉफ्टवेअरसोबत हा प्रकार नेहमी येतो. ॲपडेटामध्ये (वापरकर्त्याच्या खात्यातलं, ॲपची माहिती ठेवणारं फोल्डर) फाइल आहे एवढ्यावरून मात्र घाबरू नका, बरेच चॅट ॲप आणि ब्राउझर तिथेच बसतात.

मग सही, म्हणजे फाइल कुणी बनवली आणि नंतर बदलली नाही, हे दाखवणारी डिजिटल खूण. राइट क्लिक, प्रॉपर्टीज, डिजिटल सिग्नेचर्स. हा टॅबच दिसत नसेल तर फाइल वाईट ठरत नाही, कारण विंडोजच्या कित्येक फाइलींची सही वेगळ्या कॅटलॉग फाइलमध्ये असते. पॉवरशेलमधली गेट-ऑथेंटिकोडसिग्नेचर ही कमांड किंवा मायक्रोसॉफ्टच्याच सिसइंटर्नल्स संचातलं सिगचेक ती सहीसुद्धा तपासतं. डीटेल्स टॅबमधलं कंपनीचं नाव पुरावा म्हणून धरू नका, तो नुसता मजकूर आहे. उलट बाजूही ध्यानात ठेवा: राजवाड्याच्या आसपास लग्नपत्रिका छापणाऱ्या प्रेसमध्ये जुनं देवनागरी फॉन्टचं सॉफ्टवेअर असेल, तर त्याच्या डीएलएलवर सही नसणं साहजिक आहे. ती काढलीत तर ऐन लग्नसराईत काम अडेल.

शंका उरलीच तर कमांड प्रॉम्प्टमध्ये सर्टयुटिल, हॅशफाइल पर्यायासह, फाइलचा पत्ता आणि शेवटी एसएचए२५६ असं देऊन हॅश, म्हणजे फाइलचा ठसा, काढा. ६४ अक्षरांचा तो आकडा व्हायरसटोटलवर (अनेक अँटिव्हायरसकडून फाइल तपासणारी वेबसाइट) शोधा. फाइल अपलोड करण्यापेक्षा हे बरं, कारण अपलोड केलेली फाइल इतरांच्या हाती जाऊ शकते. मात्र निकाल काहीच आला नाही तर फाइल स्वच्छ आहे असं समजू नका. ती तिथे आजवर कुणी दिलेली नाही, इतकंच.

आता वापरणारा. कमांड प्रॉम्प्टमध्ये टास्कलिस्ट, स्लॅश एम आणि फाइलचं नाव दिलं की ती या क्षणी कोणत्या प्रोग्रॅममध्ये लोड आहे ते कळतं. सिसइंटर्नल्सच्याच प्रोसेस एक्सप्लोररमधल्या फाइंड मेनूतूनही हेच सापडतं. दोन्ही ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवा, नाहीतर यादी अर्धवट येते. आत्ता कुणी वापरत नाही म्हणजे कधीच वापरत नाही असं नव्हे; प्रिंटरची डीएलएल छपाईच्या वेळीच जागी होते.

काढायचीच ठरली तर डिलीट करू नका. प्रोग्रॅम बंद करून नावाच्या शेवटी डॉट ओल्ड जोडा, मशीन रीस्टार्ट करा आणि नेहमीचं काम, छपाईसकट, चार दिवस करून पाहा. हे फक्त प्रोग्रॅमच्या फोल्डरमध्ये. सिस्टम३२ ला हात लावू नका, तिथे बिघाड वाटला तर ॲडमिनिस्ट्रेटर कमांड प्रॉम्प्टमध्ये एसएफसी स्लॅश स्कॅननाऊ चालवा, ही कमांड विंडोजच्या फाइली तपासून दुरुस्त करते.

एमएसव्हीसीपी१४० नावाची डीएलएल सापडत नाही असा संदेश आला, तर ती एकटी फाइल देणाऱ्या वेबसाइटकडे कृपा करून जाऊ नका. ती फाइल ज्यात येते ते मायक्रोसॉफ्टचं व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल बसवा, एक्स६४ (६४ बिट) आणि एक्स८६ (३२ बिट) दोन्ही. प्रोग्रॅम ३२ बिट असेल तर नुसतं एक्स६४ बसवून तोच संदेश पुन्हा येतो.